एका खुर्चीवर दोन रेषा

दिवाळीची सुट्टी संपवून शाळेत हजर झालो, तेव्हा स्टाफरूममध्ये ज्याच्या त्याच्या तोंडी एकच प्रश्न : "सर, कुवेतात काय काय पाहिलं?" मी मोबाइल पुढे केला. समुद्रकाठचे निळे मनोरे, जहऱ्याचा लाल किल्ला, रस्त्याच्या कडेला माणसांसारखे ताटकळत उभे राहिलेले उंट. सगळे खूश झाले. ज्या जागी माझा जीव अडकून राहिलाय तिचा फोटो मात्र मी कुणाला दाखवला नाही. दाखवला असता तरी कुणी दोनदा बघितला नसता. अर्दिया भागातलं पत्र्याचं एक गोदाम आहे ते. एका बाजूला गॅरेज, दुसऱ्या बाजूला फरशांचं दुकान. ही हकिकत त्या गोदामाची आहे.

आधी माझी ओळख सांगतो, म्हणजे पुढचं नीट कळेल. उदगीरजवळच्या एका शाळेत मी क्रीडाशिक्षक आहे. वडील मोंढ्यात हमाली करायचे. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला पहिला माणूस मी, आणि हे मी कुणी न विचारताही सांगतो. अक्का माझ्याहून चार वर्षांनी मोठी. ती दहावीनंतर नर्सिंगला गेली आणि तिच्या पगारावर मी आधी बी.ए. केलं, मग बी.पी.एड. घरातला पहिला पदवीधर हा मान तिने मुकाट्याने मला घेऊ दिला. अक्का आता अकरा वर्षं कुवेतात आहे, जहऱ्याच्या सरकारी दवाखान्यात. यंदा तिने व्हिजा काढला आणि फोनवर फर्मावलं, "दत्ता, आता कारणं सांगू नको. ये."

जहरा

निघायच्या आधीच पहिला घोटाळा झाला. आईने लेकीसाठी अनारसे केले. अनारसे म्हटले की वरून खसखस आलीच. मी डबा बांधला, दोरी मारली, आणि त्या रात्री अक्काचा फोन : "खसखस आणलीस तर विमानतळावरूनच तुला आत टाकतील. इथं ती अफूत मोजतात." आईला हे काही केल्या पटेना. "देवाच्या नैवेद्याला चालते अन् त्यांच्या विमानतळाला चालत नाही?" शेवटी दुसऱ्या दिवशी तिने तीळ लावून नवा घाणा काढला. तिळाचे अनारसे घेऊन हैदराबादहून विमानात बसणारा मी पहिलाच असेन.

हैदराबादचं नाव लिहिताना अजून हात अडखळतो. ते का, ते येईलच.

जहरा हे कुवेत शहराच्या पश्चिमेचं गाव. गाव म्हणायचं, पण चार पदरी रस्ते, एकाला एक लागून मातकट रंगाच्या इमारती, आणि प्रत्येक इमारतीखाली एक बकाला, म्हणजे आपलं किराणा दुकान. अक्काच्या खालचा बकाला श्रीवर्धनच्या हनीफभाईंचा. पहिल्याच सकाळी मी दूध आणायला उतरलो. हिंदीची जुळवाजुळव करत होतो, तेवढ्यात ते म्हणाले, "सिस्टरचे भाऊ ना तुम्ही? मराठीत बोला की सरळ. इथं हिंदी बोलून बोलून आमचीच मराठी गंजली." मग दूध राहिलं बाजूला, आणि श्रीवर्धनच्या सुपारीवर अर्धा तास गेला. पाच वर्षं ते घरी गेले नव्हते. "सुपारीची बाग स्वप्नात येते हो," म्हणाले, "पण स्वप्नात पण झाडावर चढायला दुसराच माणूस असतो."

नोव्हेंबरची हवा छान होती. सकाळी समोरच्या भट्टीवर रांग लावून गरम खुबूस आणायचा. आपल्या भाकरीहून मोठा, कागदात गुंडाळून देतात, आणि घरी पोचेपर्यंत एक तरी कोपरा रस्त्यातच संपतो. अक्का तो शेंगदाण्याच्या चटणीशी खाते. दाजी एक्स-रे टेक्निशियन. ते तोच खुबूस चहात बुडवून खातात आणि अक्काच्या शिव्या खातात.

भाची श्रेया तेरा वर्षांची. मी मराठीत विचारायचं, तिने इंग्रजीत उत्तर द्यायचं, अशी आमची दोन दिवसांत वाटणी झाली. तिच्या खोलीच्या दाराला बॅडमिंटनची रॅकेट टांगलेली. मला कोण आनंद झाला. मी कॉलेजकडून विद्यापीठापर्यंत एकेरी खेळलेलो.

"कुठं शिकतेस गं?"

"अर्दिया. कोच इद्रिस. ही इज फ्रॉम मलेशिया, मामा. ही प्लेड फॉर द कंट्री. डबल्स."

हातातला चहाचा कप मी खाली ठेवला. मलेशियात इद्रिस ढीगभर असतील, असं मनाला सांगितलं. मग विचारलं, "डावखुरा आहे का?"

"हाऊ डू यू नो?"

हैदराबाद, बारा वर्षांपूर्वी

प्रवासवर्णनात मागे जायचं नसतं म्हणतात, पण मला जावं लागणार.

बारा वर्षांपूर्वी हैदराबादला एक आंतरराष्ट्रीय स्पर्धा होती. फार मोठी नव्हती. त्यांना रेषेवर बसणारे पंच कमी पडत होते, आणि मी नुकतंच त्याचं प्रशिक्षण घेऊन सर्टिफिकेट मिळवलं होतं. पांढरा शर्ट, निळी कॉलर, गळ्यात बिल्ला. वडिलांनी तो शर्ट स्वतः इस्त्री करून आणला होता.

रेषेवरच्या माणसाचं काम सोपं दिसतं. शटल, म्हणजे आम्ही ज्याला फूल म्हणतो ते, बाहेर पडलं की दोन्ही हात पसरून 'आउट' म्हणायचं. आत पडलं की उजवा हात रेषेकडे दाखवायचा, तोंडाने काही बोलायचं नाही. आणि दिसलंच नसेल तर दोन्ही हातांनी डोळे झाकायचे. तिसरी खूण शिकवताना आमचे शिक्षक म्हणाले होते, "ही खूण करायला लाजू नका." वर्गात सगळे हसले होते. मीही.

दुहेरीत मैदानाच्या मागच्या टोकाला दोन रेषा असतात, मध्ये अडीच फुटांची पट्टी. सर्व्हिस आतल्या रेषेच्या अलीकडे पडली पाहिजे. त्या पट्टीत पडली तर बाद. एकदा सर्व्हिस परतवली, की मग पुढच्या खेळाला बाहेरची रेषा. एकेरीत ही भानगड नाही, तिथे कायम बाहेरचीच रेषा. त्या दिवशी माणसं कमी, म्हणून एकाच खुर्चीवर दोन रेषा होत्या, आणि खुर्चीवर मी होतो. आयुष्यभर एकेरी खेळलेला.

मलेशियाची जोडी होती. इद्रिस पुढे जाळ्यापाशी, बाहा मागे. मी त्यांच्या खेळाच्या इतका प्रेमात पडलो होतो की रेषेवर नजर ठेवायची विसरत होतो. एक हलला की दुसरा न बघता सरकायचा. तिसरा गेम, समोरच्यांचा मॅच पॉइंट. सर्व्हिस बाहाला घ्यायची होती. समोरच्याने जवळ टाकतोय असं दाखवून फूल उंच मागे उडवलं. बाहा दोन पावलं मागे सरला, वर बघितलं, आणि रॅकेट खाली घेतली. सोडलं. फूल पट्टीत पडलं, आतल्या रेषेच्या वीतभर मागे.

माझी नजर बाहेरच्या रेषेवर होती. सवयच ती. बाहेरच्या रेषेच्या आत पडलं, म्हणून माझा उजवा हात पुढे गेला. आत. हात आधी गेला, डोकं मागून आलं. त्याच क्षणी मला कळलं. मुख्य पंचांनी माझ्याकडे बघितलं. चूक सुधारायला तेवढा एक श्वास होता. उभं राहून बोलता आलं असतं, निदान डोळे झाकता आले असते. पण हॉल भरलेला, कॅमेरा समोर, गळ्यात बिल्ला. मोंढ्यातल्या हमालाचा शिकलेला पोरगा, त्याने इतक्या लोकांपुढे 'दिसलं नाही' म्हणायचं? मी हात तसाच धरून ठेवला.

सामना गेला. बाहाने खाली बसून त्या पट्टीत बोट टेकवलं आणि इद्रिसकडे बघितलं. इद्रिसने रॅकेट आपटली, त्याला काहीतरी बोलला आणि एकटाच आत निघून गेला. काय बोलला ते मला कळलं नाही. बाद दिलं असतं तर ते जिंकलेच असते असंही नाही. नुसती बरोबरी झाली असती. पण ही जोडी मला परत कुठे दिसली नाही. मी निकाल शोधत राहिलो. इद्रिसचं नाव दुसऱ्याच कुणाबरोबर यायचं. बाहाचं येतच नसे.

सर्टिफिकेट वडिलांनी देवाऱ्याशेजारी लावलं. अजून तिथेच आहे.

अर्दिया

शुक्रवार तिकडे सुट्टीचा वार. सकाळी आठला आम्ही अर्दियाला पोचलो. गॅरेजांची शटरं बंद, रस्ता रिकामा, आणि गोदामाच्या आतून मात्र फुलांवर रॅकेट बसल्याचा तो आवाज. आत हिरव्या मॅटची चार मैदानं. केरळचे, आंध्रचे, फिलिपिनो, दोन इजिप्तचे डॉक्टर. आणि टोकाला, पोट थोडं सुटलेला, कानशिलांवर अकालीच केस पांढरे झालेला, डाव्या हाताने फूल टाकणारा इद्रिस.

त्याने मला ओळखलं नाही. ओळखणार कसं? रेषेवरच्या माणसाचा चेहरा कुणी बघत नाही, त्याचे हात बघतात. मी ते खिशात घातले.

त्याची शिकवायची पद्धत मी डोळे भरून पाहिली, शिक्षक म्हणूनही. जाळ्याच्या दोऱ्यावर तो एक वर्तमानपत्र टाकायचा आणि पोरांना त्याच्या वरून सर्व्हिस करायला लावायचा. कागद हलला की पुन्हा. त्याचा एक नियम मला विशेष वाटला : एकदा लावलेली जोडी तो मोडत नाही. श्रेयाची जोडीदार अॅन म्हणून एक मल्याळी मुलगी होती. पायाने संथ. श्रेया घरी सारखी कुरकुरायची.

"आय टोल्ड हिम, मामा, चेंज माय पार्टनर. ही सेज, फर्स्ट यू लर्न हर."

वर्ग सुटल्यावर पालक चहाला जातात, तसा मीही त्याच्याबरोबर कोपऱ्यावरच्या टपरीवर गेलो. करक म्हणतात त्या चहाला. आटवलेल्या दुधाचा, वेलची घातलेला, कागदी कपात. मी क्रीडाशिक्षक आहे एवढं सांगितलं. तो तुटक इंग्रजी बोलायचा, मध्येच पोरांकडून शिकलेलं हिंदी. मी ते इथे मराठीत देतोय.

"जोड्या का मोडत नाही?" मी विचारलं.

"माझी मोडली म्हणून," तो हसून म्हणाला.

आणि मग त्याने सांगितलं. केडाह नावाच्या भातशेतीच्या मुलखातलं गाव. वडील रबराच्या झाडांना चरे पाडून चीक गोळा करायचे. नारळाच्या झाडांमध्ये मैदान, मैदानाच्या रेषा बांबूच्या कामट्या ठोकून केलेल्या. "फूल कामटीवर पडलं की टक् वाजायचं. पंच लागत नव्हता." तेराव्या वर्षी राजधानीतल्या क्रीडा वसतिगृहात निवड झाली. घराण्यातला शहर बघणारा पहिलाच. मी म्हणालो, "मीपण पहिला." त्याने मान डोलावली.

वसतिगृहात उंचीप्रमाणे उभं केलं आणि शेजारचा पोरगा जोडीदार म्हणून दिला. तो बाहा. नऊ वर्षं एक खोली, एक पंखा. "त्याच्या श्वासावरून मला कळायचं तो कुठे आहे. मागे बघायची गरज नव्हती." कुमार गटात जिंकले. मग मोठ्यांत एकदा उपांत्य फेरीपर्यंत गेले, इद्रिसच्या गावात बैलगाडीएवढी कापडी पाटी लागली. मग पराभव, पाठोपाठ. तिकडे म्हणे सोमवारी सकाळी फळ्यावर यादी लागते : कोण संघात, कोण कुणाबरोबर. शेवटची संधी म्हणून त्यांना एका स्पर्धेला पाठवलं.

"तुमच्याच देशात," तो म्हणाला. "हैदराबाद."

चहाचा कप माझ्या हातात तसाच होता. तो मॅच पॉइंटपर्यंत आला. "सर्व्हिस मागे आली. बाहाने सोडली. आत होती! मी त्याला म्हणालो, तुझ्या आळसाने गेलं. तो म्हणाला, बाहेर होती. मी म्हणालो, रेषेवरचा माणूस खोटं बोलतो का? त्याचं काय जातंय?" इद्रिसने कप चुरगळला. "सोमवारी यादी लागली. माझं नाव होतं, दुसऱ्याबरोबर. त्याचं नव्हतं. सामान घेऊन निघाला तेव्हा मी आंघोळीला गेलो मुद्दाम."

पुढे चार जोडीदार झाले. "चांगली पोरं. पण मला मागे वळून बघावं लागायचं." मग खांदा गेला, मग ही नोकरी. बाहा गावाकडे नारळाच्या दुधातल्या भाताची गाडी चालवतो, असं कुणाकडून तरी कळलेलं.

"फोन नाही केला?"

"काय बोलू? चूक त्याची होती."

मी उरलेला चहा पिऊन टाकला. चहाचे पैसेही त्यानेच दिले, आणि मी देऊ दिले.

पुन्हा जहरा

मधले दिवस फिरण्यात गेले. दाजींनी मुत्लाच्या टेकडीवर नेलं. टेकडी म्हणजे आपल्याकडे बालाघाटच्या डोंगरात कुणी हिशेबातही धरणार नाही एवढी, पण सगळ्या सपाटीत ती एकटीच, म्हणून मान. वर वारा, खाली वाळू, आणि लांबवर तंबू. थंडी पडली की कुवेती लोक हौसेने तंबूत राहायला जातात. दाजी म्हणाले, "घरात पाच एसी असलेला माणूस इथं येऊन शेकोटीवर चहा करतो. ज्याच्या आज्याने जे केलं ते त्याला आठवतंच." एरवी मी यावर बरंच काही बोललो असतो. त्या दिवशी बूट काढून वाळू झाडत बसलो.

अक्काच्या नजरेतून काही सुटत नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी ती लसूण सोलत होती. माझ्यापुढेही तिने चार गड्डे टाकले.

"कामून रे तोंड पाडून बसलास? खुबूस पण उरायलाय तुझा."

मी सगळं सांगितलं. बारा वर्षांत पहिल्यांदा कुणाला तरी. अक्काने हात थांबवला नाही.

"म्हणजे तो बिचारा दोस्ताला दोषी धरून बसलाय, अन् दोषी इथं माझा लसूण सोलायलाय."

"सांगून आता काय होणार, अक्का? उलट त्याला जास्त त्रास. नऊ वर्षांचा दोस्त फुकट तोडला, हे कळेल त्याला."

"तुला त्याच्या त्रासाची काळजी नाही. सर्टिफिकेटची आहे." तिने सुरी खाली ठेवली. "आमच्या वॉर्डात चुकीची गोळी गेली, तर पहिलं जाऊन सांगावं लागतं. शरम वाटते, पाय कापतात. पण पेशंटला काय गेलंय पोटात ते डॉक्टरला कळल्याशिवाय पुढचं औषध देता येतं का? एवढा शिकलास, अन् हे तुला नर्सने सांगायचं?"

मला राग आला. खरं सांगतो, तिचाच राग आला. गॅलरीत जाऊन उभा राहिलो. खाली हनीफभाई पाण्याचे कॅन उतरवत होते. थोड्या वेळाने आत येऊन उरलेला लसूण सोलला.

"शुक्रवारी लवकर सोडशील का मला?" मी विचारलं.

"अनारसे घेऊन जा," अक्का म्हणाली. "रिकाम्या हाताने जाऊ नको."

अर्दिया, शेवटचा शुक्रवार

त्याच दिवशी सायंकाळचं माझं परतीचं विमान होतं. सकाळी साडेसातला दाजींनी मला गोदामापाशी सोडलं. श्रेया अक्काबरोबर मागून येणार होती. आत इद्रिस एकटाच मॅट पुसत होता. मी डबा उघडला. त्याने एक अनारसा तोडून तोंडात टाकला आणि डोळे मोठे केले. "तांदळाचं पीठ? गूळ? आमच्याकडे अगदी असंच करतात! मध्ये भोक असतं फक्त. माझी आई सणाला करायची." त्याने दुसरा उचलला. "बाहा एका वेळी दहा खायचा."

आता नाही तर कधीच नाही, हे मला कळलं. मी खिशातून हात बाहेर काढले.

"इद्रिस, हैदराबादला मागच्या रेषेवर मी होतो."

त्याला आधी काही समजलं नाही. मी उजवा हात पुढे केला, रेषेकडे दाखवतात तसा. तेव्हा त्याचं चावणं थांबलं.

"सर्व्हिस बाहेर होती. मी एकेरीचा माणूस, नजर चुकीच्या रेषेवर होती. हात गेला आणि लगेच कळलंही मला. पण मी मागे घेतला नाही. लाज वाटली म्हणून. बाहा खरं बोलत होता."

मी तयारी करून आलो होतो शिव्या ऐकायची, मार खायचीही. त्याने पँटला हात पुसले. टोपलीतून एक फूल काढून माझ्या हातात दिलं आणि मैदानाच्या टोकाकडे बोट केलं.

"कुठे?"

मी जाऊन वाकलो आणि फूल ठेवलं. आतल्या रेषेच्या मागे, वीतभर. तो आला. गुडघ्यावर बसला. वरचा पंखा तेवढा कुरकुरत होता.

"त्याने इथेच बोट ठेवलं होतं," तो म्हणाला. "मी बघितलंच नाही. तुझा हात बघितला."

मग त्याने फोन काढला. नंबर होता त्याच्याकडे, इतकी वर्षं. अंगठा त्या नावावर थांबला, हटला, परत आला. रिंग वाजायला लागली तसा त्याने तो फोन माझ्या हातात दिला.

"तू सांग. मला येत नाही."

तिकडे दुपार असावी. भांड्यांचा आवाज, गिऱ्हाइकांचा गलका, आणि एक जाड आवाज. मी माझं नाव सांगितलं, हैदराबाद म्हणालो, मागची रेषा म्हणालो. माझ्या कॉलेजच्या इंग्रजीचा मला केवढा अभिमान. त्या दिवशी तीन वाक्यं जुळवताना घाम फुटला. माझं बोलून झालं. तिकडे कुणीतरी झाकण आपटलं.

"पांढरा शर्ट," तो आवाज म्हणाला. "निळी कॉलर. तू."

"हो."

"मला माहीत होतं बाहेर आहे. मी तिथंच उभा होतो." मग म्हणाला, "तू परका माणूस. तुझी चूक झाली. त्याने माझं ऐकायला हवं होतं."

"तो इथेच आहे," एवढंच म्हणालो, आणि फोन इद्रिसच्या कानाला लावला, कारण तो हात पुढे करत नव्हता.

एवढ्या जवळून मला तिकडचा गलका ऐकू येत होता. मग बाहाने काहीतरी विचारलं, दोनच शब्द. इद्रिसचा चेहरा असा झाला की मी दुसरीकडे बघितलं. त्याने फोनवर हात ठेवला आणि ओल्या आवाजात मला म्हणाला, "विचारतोय, जेवलास का."

आमच्याकडेही हेच विचारतात. भांडण झालेल्या घरात पहिला शब्द हाच असतो. मला वाटायचं, हे फक्त आपल्याच मुलखात.

पोरं यायला लागली. इद्रिस फोन घेऊन भिंतीकडे गेला, आणि जाता जाता त्याने मागच्या रेषेशी असलेली प्लॅस्टिकची खुर्ची माझ्याकडे सरकवली. पोरांचा सराव सामना मी बघावा, असं. माझे पाय पुढे होईनात. मग बसलो. श्रेया आणि अॅन एका बाजूला. श्रेया पुढे, अॅन मागे. अॅन संथ खरी, पण फूल कुठे येणार हे तिला आधी कळायचं. श्रेयाला ते अजून दिसलेलं नव्हतं.

माझी नजर रेषेवर राहत नव्हती. भिंतीपाशी इद्रिस पाठमोरा उभा होता, फोन कानाला, आणि बोलता बोलता डाव्या हाताने हवेतच जाळ्याजवळचा एक फटका मारत होता, छोटा. पुन्हा मारला. तिकडे हजारो मैल लांब भाताच्या गाडीमागे उभा असलेला माणूस तो फटका कुठे गेला हे न बघता ओळखत असणार, असं मला वाटलं.

"मामा!"

समोरच्या मुलीने सर्व्हिस उंच उडवली होती. अॅनने सोडली होती. फूल मागच्या बाजूला पडून लोळत होतं, आणि आठ डोळे माझ्यावर.

"मामा, इन ऑर आउट?"

मी दोन्ही हात उचलले आणि डोळे झाकले.

"मामा, सीरियसली?"

"दिसलं नाही गं," मी हातांआडून म्हणालो. "पुन्हा खेळा."

थोडी कुरकुर झाली. मग पायांचा आवाज आला, फूल उचलल्याचा, आणि श्रेया अॅनला मराठीत म्हणाली, "थांब, मी आहे पुढे." अॅनला मराठी येत नाही, पण ती थांबली. पॉइंट पुन्हा खेळला गेला.